इथं शून्य लावायचं असतं का?

प्रश्न: माझी मुलगी अकरा वर्षांची आहे, पाचवीत शिकते. गेल्या महिन्यात शाळेत दशांश अपूर्णांकांच्या लहान-मोठेपणावर दहा गुणांची चाचणी झाली, त्यात तिला चार मिळाले. उत्तरपत्रिकेचा फोटो सोबत पाठवतो आहे. मला वाटलं, लक्ष नव्हतं, अंदाजानं खुणा केल्या असतील. मी तिला एक सोपा नियम शिकवला: दशांश चिन्हापुढचे अंक कमी-जास्त असतील तर शेवटी शून्यं लावून सारखे करायचे, मग बघायचं. दोन दिवसांत ती दहापैकी दहा काढू लागली आणि मी निश्चिंत झालो.

मागच्या रविवारी मुलांची उंची मोजून भिंतीवर खुणा केल्या. तिची १.३८ मीटर, तिच्या चुलत भावाची १.४ मीटर. वहीतले आकडे बघून ती म्हणाली, "म्हणजे मी उंच." भाऊ शेजारीच उभा होता, तिच्यापेक्षा बोटभर उंच. मी चिडून म्हणालो, "शून्याचा नियम विसरलीस?" तर तिनं विचारलं, "इथं शून्य लावायचं असतं का?"

पत्नीचं म्हणणं असं की, मी घोकून घेतलं, समजावलं नाही, आता सगळं पहिल्यापासून शिकवायला हवं. मला वाटतं, परीक्षा तीन आठवड्यांवर आहे, नियम चालतोय, उगाच गोंधळ नको. आमची मुलगी गणितात कच्ची आहे का? आणि आता काय करू?

उत्तर:

आधी उत्तरपत्रिकेकडे येते. चुकलेल्या सहा उत्तरांपेक्षा बरोबर आलेल्या चार उत्तरांवर माझा जास्त वेळ गेला.

०.३५ आणि ०.४ मध्ये तिनं ०.३५ मोठी ठरवली. ०.१२५ आणि ०.३ मध्ये ०.१२५. ०.७५ आणि ०.८ मध्ये ०.७५. ०.०८ आणि ०.२ मध्ये ०.०८. ४.०९ आणि ४.१ मध्ये ४.०९. आणि ०.६ व ०.६० या जोडीत तिनं बरोबरचं चिन्ह न देता ०.६० मोठी म्हटली. या तिच्या सहा चुका. आता दशांश चिन्हावर बोट ठेवा आणि त्याच्या उजवीकडचं तेवढं वाचा: पस्तीस आणि चार, एकशे पंचवीस आणि तीन, पंच्याहत्तर आणि आठ, आठ आणि दोन, नऊ आणि एक, साठ आणि सहा. सहाही वेळा तिनं मोठा आकडा निवडला आहे. एकही खूण अंदाजानं केलेली नाही.

बरोबर आलेल्या चार उत्तरांतही हेच. ०.८५ आणि ०.२३, ०.७ आणि ०.४ या जोड्यांत अंकांची संख्या सारखी, त्यामुळे चिन्ह नसल्यासारखं वागलं तरी उत्तर बरोबर येतं. २.६ आणि १.८७ मध्ये तिनं आधी पूर्णांक भाग बघितला. तेवढं तिला नक्की कळतं आणि त्याचं कौतुक करायला हवं. उरली ०.६२ आणि ०.५ ही जोडी. तिथं ०.६२ मोठी हे बरोबर, पण ते बासष्ट पाचापेक्षा मोठे म्हणून. हा गुण तिला चुकीच्या नियमानं मिळवून दिला आणि बाईंनी त्यावर बरोबरची खूण केली. आपला नियम ठीक आहे, असंच तिला त्या खुणेनं सांगितलं.

म्हणून "कच्ची आहे का" या प्रश्नाला माझं उत्तर "नाही" असं आहे. दहाच्या दहा जोड्यांना एकच नियम न डगमगता लावणारी मुलगी विचार करते आहे, फक्त तिचा नियम दुसऱ्या गावचा आहे. तो तिनं कुठून आणला हेही उघड आहे. चार वर्षं आपणच तिला पूर्ण संख्या शिकवल्या, आणि तिथं जास्त अंकांची संख्या मोठी असते. शंभर नव्याण्णवपेक्षा मोठे, हजार नऊशे नव्याण्णवपेक्षा मोठे. या नियमानं तिला तिथं कधीच दगा दिला नाही. दशांश चिन्हापलीकडे त्याची हद्द संपते हे तिला कुणी सांगितलंच नाही.

यात माझाही वाटा आहे. शिकवायला लागले तेव्हा पहिली काही वर्षं मी फळ्यावर ०.३५ लिहून खुशाल "शून्य पॉइंट पस्तीस" वाचत असे. मुलांच्या कानावर "पस्तीस" पडायचं आणि पुढच्या क्षणी "शून्य पॉइंट चार". पस्तीस मोठे की चार? मीच प्रश्न फोडत होते, तोही चुकीच्या उत्तरासकट. "तीन पाच" असं सुटं वाचा, नाहीतर पूर्ण "पस्तीस शतांश" म्हणा. शतांश हा शब्द गिळला की उरलेला पस्तीस मुलाला फसवतो.

मुलांच्या या चुका जगभर सारख्याच आहेत. लॉरेन रेझनिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अमेरिका, इस्राएल आणि फ्रान्समधल्या मुलांच्या उत्तरांवर १९८९ साली अभ्यास प्रसिद्ध केला, तेव्हा तिन्ही देशांत ठरावीक नियमच पुन्हा पुन्हा दिसले. तुमच्या मुलीचा त्यातला एक. दुसरा याच्या नेमका उलटा आहे, आणि तो सांगायला हवा, कारण घाईनं दुरुस्ती केली तर मूल तिकडे घसरतं. "जास्त अंक म्हणजे मोठी संख्या नव्हे" एवढंच ऐकलेलं मूल पटकन ठरवतं की कमी अंक म्हणजे मोठी. त्याला कारणही सापडतं: दशांश हा शतांशापेक्षा मोठा तुकडा, मग ज्यात नुसते दशांश आहेत ती संख्या मोठी. त्यामुळे ते ०.३ ला ०.३५ पेक्षा मोठं म्हणतं. आणि गंमत म्हणजे ०.४ आणि ०.३५ मध्ये त्याचं उत्तर बरोबर येतं! आई-वडिलांना वाटतं, चला, कळलं.

कोणतं मूल कुठं उभं आहे हे बघायला चार संख्या पुरतात. ०.३५, ०.४, ०.३०५ आणि ०.३ सुट्या चिठ्ठ्यांवर लिहा आणि चढत्या क्रमानं लावायला सांगा. ज्याला कळलं आहे ते ०.३, ०.३०५, ०.३५, ०.४ लावेल. जास्त अंक म्हणजे मोठी मानणारं मूल ०.३, ०.४, ०.३५, ०.३०५ असं लावेल. कमी अंक म्हणजे मोठी मानणारं मूल ०.३०५ पासून सुरू करेल, मग ०.३५, नंतर ०.३ आणि ०.४. तीन समजुती, तीन वेगळे क्रम. याउलट ०.४१, ०.२३, ०.८५ अशा सारख्या अंकांच्या संख्यांचे वीस प्रश्न सोडवून घेतले तरी तुम्हाला काहीच कळणार नाही. तिथं कोणताही नियम पास होतो.

आता तुमच्या शून्याच्या नियमाबद्दल. तो चूक नाही. ०.४ आणि ०.४० एकच, कारण चार दशांश म्हणजेच चाळीस शतांश. मी स्वतः घाईत असताना तेच करते. पण तुमच्या मुलीच्या बाजूनं बघा. चार वर्षं तिला सांगितलं की संख्येपुढं शून्य लावलं की ती दहापट होते, चारचे चाळीस. आता बाबा सांगतात, लाव शून्य, काही फरक पडत नाही. का पडत नाही, हे तिला कुणी दाखवलं नाही. आणि बाबांशी वाद कोण घालणार? तिनं नियम पाळला. शून्य लावल्यावर समोर उरतात पस्तीस आणि चाळीस, म्हणजे तिच्या ओळखीच्या पूर्ण संख्या. तिची जुनी समजूत जागची हललीच नाही. तुम्ही फक्त असे प्रश्न बनवून दिलेत की जुन्या समजुतीनंही बरोबर उत्तर यावं.

म्हणून "इथं शून्य लावायचं असतं का?" हा प्रश्न मला उद्धट किंवा विसराळू वाटला नाही. शून्य लावणं हे तिच्या लेखी प्रश्नपत्रिकेतलं काम आहे, समास आखण्यासारखं. भिंतीपाशी प्रश्नपत्रिका नव्हती, मग तिनं ते का करावं? शेजारी उभा असलेला भाऊ तिला दिसत होता, पण आकडे आणि भाऊ यांचा संबंध आहे हेच तिला माहीत नव्हतं. तुमच्या पत्नीचं निदान बरोबर आहे. फक्त त्यांचं औषध, सगळं पहिल्यापासून, मला जरा जड वाटतं. कमी आहे ती एकाच गोष्टीची: दशांश चिन्हापुढचा प्रत्येक अंक केवढ्या तुकड्याचा आहे याचं चित्र.

ते चित्र कागदाच्या पट्टीवर उभं राहतं. एक मीटर लांबीची कोरी पट्टी कापा, जोडून केली तरी चालेल. दर दहा सेंटीमीटरवर रेघ मारा, म्हणजे दहा सारखे भाग होतील. प्रत्येक भाग मीटरचा एक दशांश. आकडे लिहू नका. मोजपट्टीवरचे सेंटीमीटरचे आकडे तर मुळीच दिसू देऊ नका, तिला १३८ आणि १४० दिसले की ती पुन्हा पूर्ण संख्यांत जाऊन बसेल. मोजपट्टी वापरायचीच असेल तर पालथी घाला.

मग विचारा, ०.४ मीटर कुठं येईल? चार भाग. ०.३५? इथं थांबा आणि तिला अडखळू द्या. तीन भाग पुरे झाले, आता उरलेल्या पाचाचं काय करायचं? हे पाच शतांश आहेत, म्हणजे पुढच्या एका भागाचे दहा बारीक तुकडे करून त्यातले पाच. तिचं बोट चौथ्या भागाच्या मध्यावर येईल, आणि ०.४ ची रेघ तिला बोटाच्या पुढं दिसेल. मी शिकवलेल्या बहुतेक मुलांनी याच जागी पट्टीवरून मान वर करून माझ्याकडे बघितलं आहे. त्या वेळी काही बोलू नये. पुढचा प्रश्न ०.१२५ चा. हा आकडा लांबलचक, पण एक भाग संपवून दुसऱ्याचा जेमतेम पाव भाग चालतो आणि ०.३ च्या कितीतरी मागं राहतो. ०.०८ तर पहिल्या भागातून बाहेरच पडत नाही.

०.४ आणि ०.४० चं कोडंही इथंच सुटतं. चार मोठे भाग घेतले, किंवा त्यांचेच चाळीस बारीक तुकडे मोजले, बोट एकाच रेघेवर. मग तिला सांगा की ज्याला आपण शून्य लावणं म्हणतो ते हेच, तुकडे बारीक करून पुन्हा मोजणं. त्यानंतर तुमचा नियम तिचा होईल. शून्य शेवटीच लावायचं, मध्ये घुसवलं तर ०.४ चे ०.०४ होतात आणि बोट पहिल्या भागात परत येतं, हेही पट्टीवरच करून बघू द्या.

एखादं मूल पट्टीवर बरोबर दाखवतं आणि वहीत पुन्हा चुकतं. त्यासाठी एक जुनी युक्ती आहे. १५८५ साली सायमन स्टेविन या फ्लेमिश गणितज्ञानं दशांश अपूर्णांकांवर छोटी पुस्तिका काढली, तेव्हा तो आपल्यासारखं चिन्ह वापरत नव्हता. प्रत्येक अंकाला वर्तुळातला एक आकडा जोडायचा: एककाला ०, दशांशाला १, शतांशाला २, सहस्रांशाला ३. लिहायला किचकट, म्हणून ती पद्धत पुढं मागं पडली. पण शिकणाऱ्यासाठी ती फार प्रामाणिक आहे, प्रत्येक अंक आपला पत्ता सांगतो. आठवडाभर मुलीला प्रत्येक अंकाखाली बारीक "द", "श", "स" लिहू द्या. ४.०९ मधल्या नवाखाली "श" आणि ४.१ मधल्या एकाखाली "द" लिहिताना हात आपोआप थबकतो.

पट्टी पक्की झाल्यावर, आधी नाही, तिला शब्दकोश उघडायला लावा. "गडगडाट" आधी येतो की "घर"? गडगडाट लांबलचक आहे म्हणून तो मागं जात नाही. पहिल्या अक्षरातच निकाल लागतो, कारण ग हा घ च्या आधी. ०.१२५ आणि ०.३ चं तसंच: दशांशाच्या जागी एक आणि तीन, निकाल लागला, पुढं बघायचं कारण नाही. पहिली अक्षरं सारखी असतील तर पुढं जायचं, आणि एक शब्द आधी संपला तर तो अलीकडे, जसं "घर" नंतर "घरटं". म्हणून ०.३ नंतर ०.३५. ही उपमा एकाच ठिकाणी मोडते. शब्दाच्या शेवटी फुकटचं अक्षर लावता येत नाही, संख्येच्या शेवटी शून्य लावता येतं. हे मूल स्वतःहून म्हणालं तर समजा काम झालं.

रोजच्या व्यवहारात दशांशासारखं दिसणारं बरंच काही दशांश नसतं आणि ते मुलीचा जुना नियम गुपचूप पोसत राहतं. क्रिकेटच्या फलकावर ४.५ षटकं म्हणजे साडेचार षटकं नव्हेत, चार षटकं आणि पाच चेंडू. पुढच्या वैध चेंडूला तिथं थेट ५ लागतात. पुस्तकात ३.९ नंतर ३.१० हा भाग येतो. मोबाईलवरच्या ॲपची १.१० आवृत्ती १.९ च्या नंतरची असते. हे टिंब म्हणजे नुसतं कुंपण, दोन वेगळे आकडे शेजारी ठेवण्यापुरतं. मुलीला अशी उदाहरणं शोधायला सांगा, कोणतं टिंब दशांश चिन्ह आणि कोणतं कुंपण. मला स्वतःला हा खेळ सरावाच्या वीस गणितांपेक्षा जास्त आवडतो.

खेळातली खरी दशांश उदाहरणंही जपून घ्या. लांब उडीत बॉब बीमननं १९६८ साली ८.९० मीटरचा विश्वविक्रम केला आणि माइक पॉवेलनं तो १९९१ साली ८.९५ मीटर उडी मारून मोडला. फलकावर नव्वद आणि पंच्याण्णव दिसतात, प्रश्न चुटकीसरशी सुटतो, शिकायला काही मिळत नाही. पहिला आकडा ८.९ असा लिहून बघा, मग मजा येईल. फलकावर शून्य का ठेवतात, हे तिनं विचारलं तर छानच: उडी सेंटीमीटरपर्यंत मोजली होती हे त्या शून्यावरून कळतं. उडी तेवढीच, मोजणी बारीक. धावण्यात अजून एक अडचण असते. शंभर मीटर शर्यतीतले युसेन बोल्टचे २००९ मधले ९.५८ सेकंद त्याच्याच २००८ मधल्या ९.६९ सेकंदांपेक्षा सरस आहेत, कारण तिथं कमी वेळ जिंकतो. "मोठी संख्या" आणि "भारी कामगिरी" यांत मुलं घोटाळा करतात, तो चढता-उतरता क्रम विचारल्यावर बाहेर येतो.

आता तीन आठवड्यांचं. नियम काढून घेऊ नका, परीक्षेत तिला तो वापरू द्या. जुना आधार काढून नवा अजून पक्का नाही, अशा अवस्थेत मुलाला परीक्षेला बसवण्यात शहाणपण नाही. सोबतीला रोज दहा मिनिटं पट्टी घ्या आणि दोनच जोड्या सोडवा. उत्तर बरोबर येवो की चूक, दोन्ही वेळा एकाच सुरात विचारा, "कसं ठरवलंस?" आपण हा प्रश्न फक्त चुकल्यावर विचारतो, त्यामुळे मूल तो ऐकला की लगेच उत्तर बदलतं. पहिले दोन-तीन दिवस तुमची मुलगीही बदलेल.

मधूनच एखाद्या दिवशी ०.४ आणि ०.५ च्या मध्ये एखादी संख्या आहे का, असं विचारा. "नाही" आलं तर पट्टीवरच्या त्या दोन रेघांमधली कोरी जागा दाखवा आणि वाट बघा.

तुम्हा दोघांच्या वादाबद्दल एवढंच म्हणेन की तो मुलीसमोर तिच्या वहीवरून सोडवू नका. "बघ, आला ना नियमानं" किंवा "बघा, नाही ना कळलं" ही वाक्यं तिच्या कानावर गेली की प्रत्येक जोडी सोडवताना तिला आधी आई-बाबांपैकी कोणाची बाजू घ्यायची हे ठरवावं लागेल. भिंतीवरच्या त्या प्रसंगाबद्दल मात्र तिची माफी मागायला हरकत नाही. तिनं चांगला प्रश्न विचारला होता आणि उत्तर म्हणून राग मिळाला.

दोन आठवड्यांनी भूमिका बदला. तिला म्हणा, मला फसवेल अशी जोडी तयार कर. तिनं ०.९ आणि ०.८९९९ सारखं काही आणलं तर मुद्दाम चुकीचं उत्तर द्या, तेही ठामपणे: "आठ हजार नऊशे नव्याण्णव मोठे, त्यात काय." मग ती पट्टी आणायला उठते का ते बघा, आणि ती समजावत असताना मध्ये बोलू नका.